अकरावा भाग

शर्वाणीने गठ्ठ्यातून अकराव्या भागाची चौदा पानं उपसली, मधोमध दुमडली आणि ओट्याखालच्या कपाटात साबुदाण्याच्या डब्यामागे सारली. मग बाराव्या भागाच्या डोक्यावरचा आकडा पेनाने खोडून तिथे अकरा केलं. आकडा जरा वाकडा आला.

"शर्वाणी, यल्ला, चल लवकर! वसंतराव आले, सविता वहिनी आल्या," बाहेरून उल्हास ओरडला. "आणि पोहे आण गं आधी, मग वाङ्मय."

शुक्रवारी दुपारी ऑफिसं सुटली की दुबईतल्या सिलिकॉन ओएसिसमधल्या या फ्लॅटमध्ये वाचन होत असे. सुरुवात झाली होती ती लेकीसाठी, मिहिकासाठी. चार वर्षांची असताना इथे आलेली पोर, मराठी सगळं समजायचं, पण एक ओळ जुळवून वाचेपर्यंत तिचा चहा गार व्हायचा. आईने दिवसभर बसून काय लिहिलं हे तिला कळायचं तर ते कानावर पडायलाच हवं होतं. पुढे उल्हासने मराठी मंडळातल्या लोकांना बोलावायला सुरुवात केली. वसंतरावांचा देरा भागात मसाल्यांचा मोठा व्यापार, सविता वहिनी त्यांची बायको. दिवाळीच्या कार्यक्रमात शर्वाणीच्या अनुवादाचं प्रकाशन वसंतरावांच्याच हस्ते व्हायचं ठरलं होतं. अनुवाद ऐकताना ते डोळे मिटत, आणि ते तल्लीन झालेत की झोपलेत हे विचारायची कुणाची छाती नव्हती.

मूळ पुस्तक होतं सिग्ने वेस्टरहोल्म नावाच्या स्वीडिश बाईचं, नव्वद वर्षांपूर्वीचं. लग्नानंतरची सहा वर्षं गोथेनबर्गला उल्हासच्या नोकरीपायी गेली, तिथल्या अंधाऱ्या हिवाळ्यात वेड लागू नये म्हणून शर्वाणीने ती भाषा शिकून घेतली होती. कादंबरीतली आग्नेस ही एका धर्मगुरूची मुलगी. रोज पहाटे गुडघे टेकून प्रार्थना करणारी. गावात नवी शिक्षिका येते, मार्टा. अकराव्या भागात गोठलेल्या तळ्याकाठच्या होडीघरात त्या दोघी एक रात्र काढतात. सकाळी आग्नेस तिच्या खांद्यावर डोकं ठेवूनच देवाचे आभार मानते.

देहाबद्दलचं त्यात होतं ते शर्वाणीने निभावून नेलं असतं. इतक्या वर्षांत आडवळणाचे शब्द तिला पुष्कळ जमले होते. तिला भ्यायला लावलं ते त्या आभारांनी. पश्चात्ताप नाही, क्षमा मागणं नाही, सरळ आभार. तो भाग तिने नऊ दिवस घासूनपुसून लिहिला आणि मराठीत तो इतका चांगला उतरला की तिला स्वतःचीच भीती वाटली.

आणि मिहिका तर महिनाभर त्याच भागाची वाट पाहत होती. एरवी फोनवर दोन वाक्यांत आटपणारी मुलगी, आता दर दोन दिवसांनी विचारायची, "आई, व्हिच चॅप्टर?" इंग्रजीतून तिने पुस्तक कधीच वाचून टाकलं होतं. "बोटहाउस आलं की सांग हं. मी केयाला घेऊन येते."

केया म्हणजे तिच्या मरीनातल्या फ्लॅटमधली मैत्रीण. शर्वाणी डिंकाचे लाडू द्यायला तिथे एकदा गेली होती. दोन खोल्या होत्या, दोन पलंग होते, आणि एका पलंगावर इस्त्रीच्या कपड्यांचा असा ढीग होता की तिथे कित्येक महिन्यांत कुणी पाठ टेकली नसावी. शर्वाणीने लाडू फ्रिजवर ठेवले, पाणी प्यायली आणि परत आली. उल्हासला यातलं एक अक्षर बोलली नाही. मिहिकालाही नाही. ज्या देशात असल्या गोष्टी कायद्यातच बसत नाहीत, तिथे आईने मूग गिळून बसायचं नाही तर काय करायचं, असं तिने स्वतःला बजावलं. मुलगी आपल्याला काय विचारायला बघतेय, हे तिला पुरतं समजलं होतं. स्वतःच्या तोंडाने जे सांगता येत नाही, ते आईच्या तोंडून ऐकायला ती येत होती.

आणि आज ती केयाला घेऊन आली होती. दोघी खिडकीजवळच्या बाकावर बसल्या होत्या. मिहिकाने चक्क कुर्ता घातला होता. केयाने येताना मोगऱ्याचा गजरा आणला होता, मीना बाजारातून, शोधून.

"आमच्या श्रीनाथला आणणार होते आज," सविता वहिनींनी पोह्यांवर लिंबू पिळता पिळता आपल्या मुलासाठी खडा टाकून पाहिला. "पण त्याला अबू धाबीहून निघायलाच उशीर झाला. मिहिका, तू भेटली आहेस ना गं त्याला?"

"जस्ट वन्स, काकू."

"एकदा कशाला, अजून भेट ना. नाकासमोर चालणारा मुलगा आहे."

उल्हास मोठ्याने हसला. केयाने बशीतले दाणे एकेक करून बाजूला काढायला घेतले.

शर्वाणीने चष्मा लावला आणि वाचायला लागली. दहाव्या भागाच्या शेवटी आग्नेस कंदील घेऊन बर्फावरून होडीघराकडे निघते. तिथपर्यंत तिचा आवाज नेहमीसारखा होता. मिहिका पुढे सरकून बसली. शर्वाणीने पान उलटलं, आणि आग्नेस एकदम वडिलांच्या स्वयंपाकघरात लापशी ढवळू लागली. मधे काही गाळलंय हे कुणाला कळू नये म्हणून तिने सकाळी दोन जोडवाक्यं बेतून ठेवली होती. सांधा बेमालूम होता. वसंतरावांचे डोळे मिटलेलेच राहिले.

वाचन संपलं तशा टाळ्या झाल्या. मिहिकाने वाजवल्या नाहीत.

"आई, बोटहाउसचा पार्ट?"

खोलीतल्या सगळ्यांच्या माना शर्वाणीकडे वळल्या. निदान तिला तरी तसं वाटलं.

"कसला पार्ट गं?" सविता वहिनींनी विचारलं.

उशिरा घरी आलेलं मूल जसं तोंडाला येईल ते सांगतं, तसं शर्वाणी बोलून गेली, "तो होय? तो तिने स्वतःच काढला नंतर. दुसऱ्या आवृत्तीत. तिलाच ते योग्य वाटेना म्हणे."

"शी टुक इट आउट? हरसेल्फ?"

"हो ना. लिहिण्याच्या भरात होतं असं, मग माणूस शहाणा होतो."

हे शेवटचं वाक्य कुठून आलं तिला कळलं नाही. मिहिका तिच्याकडे बघत राहिली. रागाने नाही, रागाने बघती तर बरं झालं असतं. मग ती उठली, बशा गोळा करून आत नेल्या, धुऊनही ठेवल्या. जाताना केया नमस्काराला वाकली तेव्हा शर्वाणीचा हात तिच्या डोक्यापर्यंत जाऊन तसाच मागे आला. गजरा टीपॉयवरच राहिला होता.

त्यानंतर "व्हिच चॅप्टर" विचारणारा फोन आला नाही. तिसऱ्या आठवड्यात मिहिका एकटीच आली, बॅगा घेऊन. केया बंगळूरला परत गेली म्हणाली, जॉब बदलला तिने. जेवताना तिने भाताचं आळं केलं, आमटी वाढून घेतली आणि वर न बघता म्हणाली, "बाबा, त्या श्रीनाथचं. ओके. आय ॲम फाइन विथ इट."

उल्हासचा जीव भांड्यात पडला. त्याने तिथल्या तिथे, खरकट्या हाताने, वसंतरावांना फोन लावला. पोरीने विश्वास ठेवला, शर्वाणीला वाटलं. त्या लिहिणाऱ्या बाईलासुद्धा शेवटी लाज वाटली, असं तिने धरलं. ज्या एका बाईच्या आधारावर मिहिका उभी होती, त्या मेलेल्या बाईला आपण खोटं पाडलं. रोज देवापुढे दिवा लावताना शर्वाणीला हेच आठवायचं आणि हात जोडलेले तसेच राहायचे, मागणं काही सुचायचं नाही.

साखरपुडा पंधरा दिवसांवर आला तेव्हा ब्लाऊज टाकायला दोघी बर दुबईत गेल्या. शहरबानू ही त्यांची जुनी शिवणारी बाई, लखनौची. मीना बाजारातल्या एका गल्लीत वरच्या मजल्यावर तिचं दुकान, तीन मशिनं आणि एक पुरुषभर उंचीचा आरसा. मराठीचा तिला गंध नव्हता. बोलायचं तर हीच जागा, असं शर्वाणीने गाडीतच ठरवलं होतं. घरात उल्हास असे, फोनवर सविता वहिनी असत.

मिहिका हात पसरून आरशासमोर उभी होती. शहरबानू टेप घेऊन तिच्याभोवती फिरत होती.

"मिहिका, तो भाग," शर्वाणी म्हणाली. "तो तिने नव्हता काढला. मी काढला. मी खोटं बोलले."

"आय नो."

"काय?"

"आई, दुसरी आवृत्ती नाहीच आहे." मिहिका आरशातूनच बोलत होती, आवाज अगदी सपाट. "पुस्तक आलं त्याच विंटरमध्ये ती गेली. तुझ्या प्रस्तावनेत आहे. तूच वाचून दाखवलंस, फर्स्ट फ्रायडेला."

शर्वाणीला बसायला काही सापडेना. प्रस्तावना तिने चार वेळा लिहिली होती. ऐकणाऱ्यांपैकी कुणाच्याही लक्षात राहिली नसेल अशी तिची खात्री होती.

"मग तू... मग हो का म्हणालीस?"

"तिला काय वाटतं ते मला आधीच माहीत होतं ना. मी वाचलं होतं." शहरबानूने दंड मोजायला तिचा हात जरा वर केला, तिने करू दिला. "तुला काय वाटतं ते ऐकायला आले होते. केयापण."

"पण तिथे सगळे होते गं. वसंतराव होते, सविता वहिनी..."

"नंतर तीन वीक्स कुणी नव्हतं, आई."

टेपचा सळसळ आवाज होत राहिला. तीन आठवडे. रोज फोन हातात होता आणि चौदा पानं हाताशी होती. शर्वाणीला आता मोठ्याने रडावंसं वाटलं, आणि परक्या बाईपुढे कसं रडायचं म्हणून ती तेही गिळून बसली. अजून काही बिघडलं नाही, साखरपुडा मोडता येतो, केयाला फोन कर, मी बोलते बाबांशी. सगळी वाक्यं तिच्याजवळ होती, एका ओळीत, तयार. मिहिका आरशातून तिच्याकडे बघत होती, अजूनही. वाट बघत होती.

"गला कितना रखूँ, बेटा?" शहरबानूने विचारलं.

मिहिकाने आईवरची नजर काढली नाही. "मम्मी से पूछिए."

शहरबानू वळली. शर्वाणीने तोंड उघडलं. मग हात उचलून तिने स्वतःच्याच गळ्याशी बोट टेकवलं, नेहमीपेक्षा जरा वरच, आणि म्हणाली, "इतना. ससुरालवाले लोग आएँगे ना."

शहरबानूने वहीत आकडा लिहून घेतला.