चोरखिसा

आमच्या घरात हार्टचा माणूस एकच, आणि ते म्हणजे हे, माझे यजमान. बऱ्याच वर्षांपूर्वी भाचीच्या लग्नात, ऐन जेवणाच्या वेळी, ह्यांनी छातीवर हात दाबला, "अगं" म्हणाले आणि समोरच्या दोन खुर्च्यांसकट आडवे झाले. सगळ्या पाहुण्यांदेखत. लग्नात काय काय होतं ते आता कुणाला आठवत नाही, हे कसे पडले ते मात्र सगळ्यांना तोंडपाठ आहे.

तेव्हापासून ते दुखणं घरातल्या कर्त्या माणसासारखं वागत आलंय. दार आपटायचं नाही. रेडिओ मोठ्याने लावायचा नाही. वाईट बातमी जेवणाआधी सांगायची नाही. मीठ बेताचं. आमची लेक ह्याच नियमांत वाढली आणि पुढे नवरा निवडताना तिने आधी तो हळू बोलतो ना, ते बघून घेतलं. मी ह्यांना तळहातावरच्या फोडासारखं जपलं. तक्रार करत नाही, जे होतं ते सांगते.

मी शिवणकाम करते. म्हणजे खरं तर दुसऱ्यांनी शिवलेलं नीट करते. पुढच्या खोलीत मशीन आहे, भिंतीला मोठा आरसा आहे आणि एक पडदा आहे, त्याच्यामागे लोक कपडे घालून बघतात. पॅन्टची उंची कमी करणं, कंबर ढिली करणं, चेन बदलणं. लोक जाड होतात, बारीक होतात, आणि माझं बरं चालतं. ह्यांच्या प्रत्येक शर्टाला मी आतून, डाव्या बरगडीपाशी, एक चोरखिसा लावलाय. जिभेखाली ठेवायच्या गोळ्यांची बाटली बरोबर बसेल एवढा. बाहेरून शिलाई अजिबात दिसत नाही. ह्यांचा त्या खिशावर भारी जीव. पाहुण्यांना शर्ट वर करून दाखवतात.

माझ्या कपड्यांना खिसेच नाहीत. रुमाल लागला तर बाहीत खोचते.

त्या आठवड्यात मला थकवा आला होता. नेहमीचा नव्हे, त्याची ओळख आहे. हा निराळा. सुईत दोरा ओवताना दम लागायचा. आता सुईत दोरा ओवताना कुणाला दम लागतो का? पाठीत, दोन्ही खांद्यांच्या मध्ये, दुखायचं. मशीनवर वाकणाऱ्या बाईची पाठ दुखली ही काही बातमी नाही. खालचा जबडा ठणकायचा, म्हणून दातांच्या डॉक्टरांकडे गेले. त्यांनी दाढ ठोकून बघितली, धडधाकट आहे म्हणाले. "झोपेत दात खाता का?" म्हटलं, खात असेन, कारणं पुष्कळ आहेत.

हार्टचा विचार मनात आला नाही असं नाही. आला, आणि मी तो लगेच काढून टाकला, कारण हार्टमधलं मला कळत होतं. छातीत कळ, डावा हात, माणूस आडवा. ह्यांच्या डॉक्टरांनी मला शिकवलं होतं आणि मी ते डोळ्यांत तेल घालून सांभाळलं होतं. माझ्या छातीत कळ नव्हती. जरा जड वाटायचं, ओला टॉवेल ठेवल्यासारखं, पण दुखत नव्हतं. म्हणजे ते नव्हतं.

त्या दिवशी मी एका गिऱ्हाइकाच्या कोटाची बाही आखूड करत होते. एकदम मळमळलं आणि घाम सुटला. घाम कोटावर पडेल म्हणून मी आधी कोट बाजूला सारला आणि मग जमिनीवर बसले. हे दारातल्या खुर्चीत पेपर वाचत होते. त्यांनी मान वर केली, मला जमिनीवर पाहिलं आणि त्यांची पाचावर धारण बसली.

"अगं, काय झालं? अशी खाली का बसलीस?" असं विचारता विचारता त्यांचा हात छातीवर गेला.

पुढचं सगळं आपोआप झालं. मी उठले. कशी उठले ते मला विचारू नका. ह्यांच्या शर्टात हात घालून बाटली काढली, गोळी जिभेखाली ठेवली, खिडकी उघडली, अँब्युलन्सला फोन केला, लेकीला फोन केला. हात आपले आपण चालत होते आणि मी कुठेतरी मागे उभी राहून बघत होते. भीती वाटली नाही. काहीच वाटलं नाही.

दोन माणसं आली. आत शिरल्या शिरल्या पुढचा म्हणाला, "पेशंट?"

मी ह्यांच्याकडे बोट दाखवलं.

गाडीत स्ट्रेचर एकच होतं. मी कडेच्या बाकावर बसले, मांडीवर ह्यांची फाइल. त्या माणसाने ह्यांना वायरी लावल्या, पडद्यावर रेघ सुरू झाली. माझं सगळं आयुष्य टाके बघण्यात गेलंय. ही शिलाई एकसारखी होती, एकही टाका सुटलेला नव्हता. ह्यांना काही झालेलं नाही, हे मला तिथेच कळलं.

"काकू, तुमचाच चेहरा पांढरा पडलाय," तो माणूस हसून म्हणाला. "काकांना काही होत नाही हो."

तेव्हा बोलता आलं असतं. "दादा, मलाही जरा बघा," एवढंच म्हणायचं होतं. तो हाताच्या अंतरावर होता. मी म्हटलं, "हो."

हॉस्पिटलात ह्यांना पडद्यामागच्या कॉटवर निजवलं. डॉक्टर म्हणजे एक तरुण मुलगी, पेन केसांत खोचलेलं. तिने ईसीजीचा कागद बघितला आणि ह्यांच्या पायावर थोपटलं. "छान आहे काका. घाबरलात, दुसरं काही नाही." मग माझ्याकडे वळली. "गोळ्या कोणत्या चालू आहेत ह्यांना?"

ह्या प्रश्नाला मी कधी अडखळलेली नाही. कुणीही विचारावं आणि मी सकाळ, दुपार, संध्याकाळ, रंगासकट, घडाघडा म्हणावं. ह्यांचे जुने डॉक्टर तर नवशिक्यांना बोलावून मला म्हणायला लावायचे. मी तोंड उघडलं.

"सकाळी पांढरी," म्हटलं. "अर्धी. नाही, ती... गुलाबी आहे एक..."

पुढे काही नव्हतं. जबडा असा धरला होता की शब्द बाहेर ढकलावा लागत होता, आणि ढकलायला शब्दही नव्हता.

"असू दे काकू, फाइलमध्ये बघतो आम्ही," सिस्टर म्हणाली. "पेशंटजवळ गर्दी नको. बाहेर खुर्च्या आहेत, जरा बसा, पाणी प्या."

मी बरं म्हटलं आणि दाराकडे निघाले. बाहेरच्या त्या खुर्च्यांवर मी बसले असते. शहाण्यासारखी, मांडीवर पर्स घेऊन.

"थांबवा तिला!"

आमच्या घरात कुणी ओरडत नाही. म्हणून हे ओरडले ते मला आधी ओळखूच आलं नाही.

"ही माझ्या गोळ्या विसरली," हे म्हणाले.

"होतं काका, अशा वेळी माणूस गोंधळतं..." सिस्टर म्हणाली.

"हिला नाही होत. मी मरायला टेकलो होतो तेव्हा विसरली नाही ही. हिला काहीतरी झालंय. माझं राहू दे, हिला बघा आधी." आणि वायरींसकट कॉटवरून खाली उतरले. मशीन केकाटायला लागलं.

डॉक्टर मुलीने माझं मनगट धरलं. तिचं हसू गेलं. "काकू, कुठे दुखतंय?"

"दाढ," मी म्हटलं. "आणि पाठ. पण ती शिवणाची आहे."

"मळमळतंय? दम लागतोय?"

"दोन्ही."

"छातीत?"

"छातीत नाही दुखत. म्हणून तर..."

पुढचं तिने ऐकलं नाही. मला ह्यांच्याच कॉटवर घातलं, गादी अजून गरम होती. सिस्टरने कात्रीने माझी बाही कापली, तीही तिरकी. शिवणीतून उसवली असती तर परत लावता आली असती. माझ्या मनात पहिलं आलं ते एवढंच. हे नातेवाइकांच्या स्टुलावर बसले होते, उघड्या छातीवर चिकटपट्ट्या, आणि कडेला लटकलेल्या शर्टातून चोरखिसा बाहेर आलेला. ह्यांचे ओठ हलत होते. नंतर कळलं, माझ्या जागी ते आपल्या गोळ्या आठवून बघत होते. सकाळच्या पांढरीच्या पुढे त्यांचीही गाडी जात नव्हती.

अटॅक होता. मनगटातून तार घालून बंद झालेली नस उघडली. आठवडाभर तो येत होता म्हणे, थोडा थोडा.

"बायकांचा पुष्कळदा असा आडवाटेने येतो," डॉक्टर मुलगी नंतर म्हणाली. "छातीत दुखतं त्यांनाही, पण कधी नुसतं जड वाटतं, कधी तेवढंही नाही. जबडा, पाठ, मळमळ, नुसता थकवा. मग बाया दातांच्या डॉक्टरकडे जातात, पित्ताच्या गोळ्या खातात आणि आमच्याकडे उशिरा येतात. तुमच्या हृदयाचा थोडा भाग गेला, काकू."

"केवढा?"

तिने अंगठा आणि बोट वाकवून दाखवलं. कोटाच्या बटणाएवढा.

"परत जुळून येतो का तो?"

"नाही. पण उरलेलं हृदय सांभाळून घेईल."

उरलेल्याने सांभाळून घ्यायचं, हे माझ्या ओळखीचं होतं. मी मान हलवली.

लेक कॉटशी बसून रडली. "आई, गाडीत का नाही गं बोललीस? तो माणूस तिथेच होता ना!"

खरं होतं ते सांगितलं. "म्हटलं, बाबांचं आधी उरकू दे."

ती आणखीच रडायला लागली. मला रडू आलं नाही. राग यायला हवा होता, तोही आला नाही. स्वतःवरसुद्धा नाही. अजून आलेला नाही. सगळं पलीकडच्या खोलीत चाललंय आणि दार लोटलेलं आहे, असं वाटतं.

घरी आल्यावर लोक भेटायला आले. येणारा प्रत्येकजण सरळ ह्यांच्याजवळ जाऊन बसायचा. "काय, परत दणका दिलात म्हणे?" हे म्हणायचे, "मी नाही, ही." मग ते लोक हसायचे. "वहिनी? काहीतरीच काय! वहिनी म्हणजे धडधाकट बाई." मी त्यांना पाणी द्यायला उठायचे आणि लेक डोळे वटारून मला खाली बसवायची.

काल दुपारी मी पुढच्या खोलीत मशीनशी बसले होते, नुसती. हे आले. हातात त्यांचा निळा शर्ट, चांगल्यातला. दुसऱ्या हातात निळ्या कापडाचा एक तुकडा. अंगठ्याला चिंधी गुंडाळलेली.

तो तुकडा म्हणजे चोरखिसा होता. दाढीच्या ब्लेडने काढला होता, आणि खिशाबरोबर शर्टाचंही कापड आलं होतं.

"माझ्या बाकीच्या शर्टांना आहेत की," हे म्हणाले. "हा तुझ्या कशाला तरी लाव. तुझ्या गोळ्यांची बाटली तिकडे स्वयंपाकघरात, आणि तू दिवसभर इथे."

"अहो, नवा शिवला असता. कापड काय कमी आहे का घरात?"

"ते मला सुचलं नाही."

मी शर्ट मांडीवर घेतला. बरगडीच्या जागी तळहाताएवढं भोक. चांगल्या शर्टाचं वाटोळं केलं होतं. डब्यातला निळा दोरा हाताला आपोआप लागला, सुईत ओवला, शर्ट उलटा केला, भोकाच्या कडा जुळवून धरल्या. हे समोर उभेच होते, अंगठा मुठीत धरून.

"ते नको," हे हळूच म्हणाले. "ते नंतर."

मी जुळवलेल्या कडा सोडल्या. मग शर्ट बाजूला ठेवला. खुंटीवरचा माझा रोजचा तपकिरी झगा काढला, उलटा केला, डाव्या बरगडीची जागा बोटांनी चाचपली आणि खिसा लावला. कापड तपकिरी, दोरा निळा. बाहेरून शिलाई दिसते.

दिसू दे.