दोन सेकंदांचा तुकडा

युद्धाच्या दिवसांत सैन्यदलांचे वार्तापट जिथे तयार व्हायचे, तिथे फिल्म कापायचं-जोडायचं काम त्याच्याकडे होतं. म्हणून त्याचं नावच कात्री पडलं. नियम पक्का होता: कुणी कॅमेऱ्याकडे बघितलं, की तेवढा तुकडा उडवायचा. एकदा हवाई दलाच्या वार्तापटात पॅराशूटच्या घड्या घालणाऱ्या मुलींपैकी एक सरळ कॅमेऱ्यात बघून हसली. त्याने तिला कापलं, पण तुकडा काही टाकून देववेना. खिशात घालून तिला शोधत गेला, तिच्याच हातात दिला, आणि वर्षभरात लग्न करून मोकळा झाला.

पुढे संसारात काही बिनसलं, की ती म्हणायची, "तुम्ही तर मला लग्नाआधीच कापलंय."

म्हातारपणी ती वारली. घरात फोटो होते, पण फोटोतलं माणूस मान वळवत नाही. तिला एकदा हलताना बघायचं, एवढंच त्याच्या मनाने घेतलं. तुकडा ती सुयांच्या डबीत ठेवायची. डबीत सुया होत्या, तुकडा नव्हता. लेक म्हणाली, जुन्या फिल्मच्या भांडारात तो वार्तापट असेल. असेल, पण त्यातला चेहरा त्यानेच कापला होता. निदान हात तरी दिसतील, म्हणून गेला.

भांडारातल्या बाईंनी रीळ लावलं. रणगाडे गेले, जहाजं गेली. निवेदक घसा फोडून शौर्य सांगत होता. मग लांब टेबल, पांढरं कापड, तिचे हात. आता कापलेली जागा येणार, हे त्याला पाठ होतं. नेमका तिथेच निवेदकाचा आवाज तुटला. त्या शांततेत तिने वर बघितलं आणि हसली. मग निवेदक पुन्हा सुरू, जणू काही झालंच नाही.

"हा सांधा माझा नाही," तो म्हणाला.

"माझा आहे, काका."

बाई नोकरीला नव्या असताना काकू तुकडा घेऊन आल्या होत्या. फिल्मवर निवेदकाचा आवाज चढवण्याआधीच कापलेला, म्हणून मुका. जोडला तर निवेदन तुटेल, असं बाईंनी सांगून पाहिलं होतं.

"मग काय म्हणाली?"

"म्हणाल्या, तुटू दे. माझ्या मागे ते इथे येतीलच. त्यांना तसंच परत पाठवू नका."

त्याने चष्मा काढून पुसला. आभार कसे मानावेत सुचेना, तेव्हा कारागिराने कारागिराला सांगावं तसं म्हणाला, सांधा पक्का बसलाय. मग खुर्ची पुढे ओढली आणि रीळ पुन्हा लावायला सांगितलं.