नकाशात कांदे, घरात माणसं

राम राम मित्रांनो! मी चाकणजवळच्या एका गावाचा नकाशा. ग्रामपंचायतीच्या भिंतीवर राहतो. वय झालंय, पण तोरा उतरलेला नाही.

भिमाजी पेंटरनं मला रंगवलं. निळी नदी, हिरवी शेतं, तपकिरी डोंगर, कोपऱ्यात आबाजींच्या कांद्याच्या वखारी, आणि खाली ठसठशीत लोकसंख्या. शाळेची पोरं रांगेनं मला बघायला यायची. भूगोल ती शिकायची, गुरुजींची छडी मी खायचो. तरी पाहुण्यांनी 'वा, काय नकाशा!' म्हटलं की मी भिंतीसकट फुगायचो.

मग आसपास कंपन्या आल्या. बीड-लातूरकडची माणसं कामाला आली. आबाजींनी वखारींत विटा चढवून खोल्या काढल्या आणि भाड्यानं दिल्या. मला कुणी सांगितलंच नाही. माझ्याकडे लक्ष होतं कुणाचं? डोंगरावर निवडणुकीची पोस्टरं, नदीवर कुणाच्या तरी वाढदिवसाचा फ्लेक्स.

माणसं मोजणारे यायचे ते रविवारी, लोक घरी सापडतील म्हणून. पण आमच्याकडे कंपनीची सुट्टी गुरुवारी! रविवारी सगळे शिफ्टला, खोल्यांना कुलपं. आबाजी सांगायचे, वखारी आहेत. घरपट्टीची कटकट नको, एवढाच हिशोब.

यंदा नळाची नवी लाईन टाकायचं ठरलं. माझ्यासमोरच ग्रामसभा भरली. लाईन मारुतीच्या देवळापाशी थांबणार, हे कळल्यावर रंभा उठली. बीडची बाई, कंपनीत पॅकिंगला. वखारीतल्या बायका शिफ्टवरून येऊन हंडे घेऊन टँकरमागं पळतात, लाईन आमच्यापर्यंत आणा, म्हणाली.

आबाजींनी माझ्याकडे बोट केलं. "तितं माणसं न्हाईत, कांदं हायती. नकाशा बघा की."

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मित्रांनो, भर सभेत मी खोटा साक्षीदार ठरलो.

रंभानं पदर खोचला. "मग आबा, रोज सकाळी डबे घेऊन कंपनीच्या बसमधी तुमचे कांदेच चढत्यात व्हय?"

सभा अशी हसली की माझा एक पोपडा पडला. सरपंच इंदुताईंनी हसू दाबलं आणि कधी बघायला येऊ, ते विचारलं. रंभा म्हणाली, "गुरुवारी या. कांदे घरीच असत्यात."

इंदुताई गेल्या. दारं सताड उघडी, दोऱ्यांवर युनिफॉर्म वाळत घातलेले, चुलीवर ज्वारीच्या भाकरी. आबाजी मागून मान खाली घालून चालत होते, असं नंतर माझ्यासमोर चहा पिणारे सांगत होते. लाईन मंजूर झाली.

लाईन टाकून होत आली तसा म्हातारा भिमाजी पुन्हा शिडीवर चढला. त्यानं पोस्टरं खरवडली, वखारी पुसून घरं काढली, तिथवर निळी रेघ ओढली. मी पुन्हा खरा झालो, राव!

मित्रांनो, नकाशा जपायचा म्हणजे त्याला काचेत कोंडायचं नाही. गावात नवं दार उघडलं की मलाही कळवायचं. नाहीतर माझ्यासारखा देखणा गडीसुद्धा खोटं बोलतो, आणि त्यापायी कुणाचा तरी हंडा रिकामा राहतो.

नळाला पाणी आलं त्या दिवशी रंभा धावत आली आणि ओल्या बोटानं स्वतःचं घर शोधलं. रंग कच्चा होता, तिथं डाग पडलाय. माझ्यावरची धूळ खुशाल पुसा. तो डाग तेवढा राहू द्या.