तेवीस नंबरचा बाबू

मी एक जुना गेम कन्सोल आहे. टीव्हीला जोडून ज्यावर फुटबॉलचे सामने खेळतात, तो काळा डबा. टांझानियातल्या पांगानी गावात, नदी ओलांडणारी फेरीबोट जिथे लागते त्या धक्क्याजवळ हातिबूचे केस कापायचे दुकान आहे. तिथल्या वरच्या फळीवर, पावडरचे डबे आणि तुटके कंगवे यांच्या शेजारी माझा मुक्काम असतो. माझ्या बरोबर खाली, टेबलावर, एक संगणक बसलेला आहे. मित्रांनो, स्वतःची कहाणी सांगायला बसल्यावर लपवाछपवी करू नये, म्हणून आधीच सांगून टाकतो. मला तो बघवत नाही.

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. तिथे माझ्यासारखी हजारो भावंडे एका रांगेत तयार होत होती. मी आधी दुबईतल्या एका घरात राहिलो. तिथे माझ्याहून नवा कन्सोल आला आणि मला जुन्या पंख्यांबरोबर जहाजात भरले. त्या वेळी मला फारसे वाईट वाटले नाही. मी तरुण होतो, पुढे आणखी काहीतरी असेल असे वाटत होते.

पुढे हातिबू होता. त्याची गिऱ्हाइके पाळी येईपर्यंत कंटाळायची आणि समोरच्या दुकानात जाऊन बसायची. त्यांना बसवून ठेवायला त्याने मला आणले आणि एक नियम केला: जो हरेल त्याने रिमोट खाली ठेवायचा आणि केस कापायच्या खुर्चीत बसायचे. जिंकणारा खेळत राहणार. त्यामुळे आमच्या गावात झाले असे, की चांगले खेळणाऱ्यांच्या डोक्यावर जंगल वाढले आणि कच्चे खेळणारे कायम नीटनेटके दिसू लागले. कोणी छान केस कापून रस्त्याने निघाला की लोक विचारत, काय रे, आज किती गोल खाल्लेस?

सगळ्यांत मोठे जंगल सेफूच्या डोक्यावर होते. सेफू हा हातिबूचा धाकटा भाऊ. तो कधी हरलाच नाही. केस खांद्यापर्यंत आले तेव्हा त्यांची आई हातात पळी घेऊन दुकानात आली होती आणि याला आज हरवा नाहीतर मी या डब्याची वायर तोडते, असे तिने सगळ्यांना बजावले होते. तिच्या धाकाने चौघे खेळले आणि चौघेही खुर्चीत बसले. सेफूचा अंगठा मी ओळखायचो. गोल मारायच्या आधी तो बटणावर क्षणभर नुसता टेकायचा, मग दाबायचा.

मला तेव्हा किती मान होता म्हणून सांगू. हातिबूच्या बायकोने, झुहुराने, माझ्यासाठी दोऱ्याचे पांढरे विणलेले आच्छादन केले होते. दुकान बंद करताना ती ते माझ्या अंगावर घालायची, कडा सारख्या करायची. मुले मला बाबू म्हणायची. आमच्याकडे आजोबांना बाबू म्हणतात.

एका रमझानात दिवसा दुकानात चिटपाखरू नसायचे. उपाशीपोटी हातिबू रिमोट घेऊन बसला आणि महिनाभर खपून त्याने गावाची टीम तयार केली. माझ्या खेळात खेळाडूचे नाव, उंची, चेहरा, केस सगळे आपल्या मनासारखे करता येते. बाकीच्या गोष्टी हातिबूने भराभर उरकल्या, पण केसांना त्याने वेळ दिला. बावीस गिऱ्हाइके, बावीस डोकी. कोणाचा भांग कुठे, कोणाचे कपाळ कुठवर, कोणाच्या कानामागचा भोवरा कसा, ते त्याच्याशिवाय कोणाला माहीत असणार? सेफूला नऊ नंबर दिला आणि खांद्यापर्यंत केस दिले. तेविसावी जागा रिकामी राहिली. ती हातिबू स्वतःसाठी ठेवतोय असे सगळ्यांना वाटले. तो म्हणाला, बघू पुढे. ही सगळी टीम माझ्या छातीत खोचलेल्या छोट्या मेमरी कार्डात जपून ठेवली गेली.

मग सेफूला मस्कतमध्ये काम मिळाले. निघायच्या दिवशी फेरीबोट धक्क्याला लागलेली असताना हातिबू कात्री घेऊन त्याच्यामागे धावला. म्हणाला, थांब, परक्या मुलखात असा जाऊ नकोस, दोन मिनिटांत कापून देतो. सेफूने बोटीवर पाय ठेवला आणि हसून म्हणाला, "आधी हरव, दादा."

अकरा वर्षे गेली. लोकांच्या हातात फोन आले. गल्लीतले बाकीचे कन्सोल भंगारात गेले. खेळाच्या चकचकीत तबकड्या वाचायचा माझा डोळा मंद झाला. सुरुवातीला तबकडीला टूथपेस्ट चोळून घासले की मला दिसायचे, नंतर मला उलटे ठेवल्याशिवाय दिसेना, नंतर तसेही दिसेना. तरी आच्छादन माझ्याच अंगावर होते, म्हणून मी समाधानी होतो.

अशात सेफूचा निरोप आला. ईदला सहा दिवस घरी येतोय. आपली टीम आहे ना अजून? हातिबूने लगेच कळवून टाकले, की आहे, आणि या वेळी तुला खुर्चीत बसवतो. मग त्याने मला सुरू केले. तबकडी गरगर फिरली, मी डोळे फाडून बघितले, काही दिसले नाही. त्याने तीनदा प्रयत्न केला. तिसऱ्या वेळी त्याने माझ्या पाठीवर थाप मारली, ती जुनीच सवय होती, पण मला ती लागली.

चार दिवसांनी तो संगणक आला. बंद पडलेल्या कुठल्याशा कचेरीतला. काळा, ऐटबाज, पोट निळे चमकणारा. झुहुराने त्याच्यावरची धूळ पुसली. मग तिने इकडेतिकडे बघितले आणि माझ्या अंगावरचे आच्छादन काढून त्याच्या अंगावर घातले. ते त्याला पुरत नव्हते, बाजूंनी तो उघडा पडत होता, तरी तिने कडा सारख्या केल्या. मित्रांनो, त्या क्षणी माझ्या आत जे पेटले ते विझले असे मी आजही म्हणणार नाही.

शेजारी फोन दुरुस्त करणारी रिझिकी आली. तिने संगणकात एम्युलेटर नावाचा प्रोग्राम घातला. एम्युलेटर म्हणजे काय, तर सोंग. त्या प्रोग्रामच्या जोरावर संगणक माझे सोंग घेतो. त्याला तबकडी दिली की तो आपण कन्सोल असल्यासारखा वागतो आणि खेळ सुरू होतो. पण नुसते एवढे पुरत नाही. कन्सोल जागा झाल्याबरोबर जे पहिले वाचतो, ते त्याच्या आत कोरलेले असते, त्याला बायोस म्हणतात. तो दिल्याशिवाय सोंग उभेच राहत नाही. रिझिकी म्हणाली, काका, रीतसर करायचे तर तो बाबूचाच काढून घेऊ. हातिबू म्हणाला, त्या म्हाताऱ्याला कशाला उठवतेस, उठेल की नाही याचाच भरवसा नाही. मग तिच्याकडे कुठल्याशा जपानी कन्सोलचा बायोस पडून होता, तोच तिने घातला. मी इथे हाताच्या अंतरावर असताना परक्याचा घेतला.

आणि खेळ सुरू झाला. काय सांगू, माझ्यापेक्षा चांगला दिसत होता. गवताची पाती दिसत होती. दुकानातली माणसे वा वा करत होती. माझाच रिमोट एक जोडणी लावून त्याला जोडला होता, आणि तोही बिनबोभाट चालत होता. मला वाटले होते निदान तो तरी अडून बसेल.

मग हातिबूने टीम उघडली. तिथे गावातले कोणी नव्हते. सगळी अनोळखी नावे, अनोळखी डोकी. खरे सांगतो, मला आनंदाच्या उकळ्या फुटल्या. गवत दाखवशील रे, पण माणसे कुठून आणशील?

तेव्हा मला उठवावेच लागले. रिझिकीने माझ्या मेमरी कार्डाशेजारच्या खाचेत, तबकडीशिवायही मला चालू करणारे तिचे एक खास कार्ड घातले. माझा दिवा लाल होता, तो हिरवा झाला. तबकडी वाचायची नव्हती, त्यामुळे डोळ्याची गरज पडली नाही. मी उठलो तो मायेने नव्हे, सगळ्यांना दाखवून द्यायला उठलो. तिने माझ्या कार्डातली बावीस माणसे पेनड्राइव्हवर उतरवली आणि त्याच्या पोटात नेऊन ठेवली. ही नक्कल आहे, बाबूचे काही गेले नाही, असे ती म्हणाली. काही गेले नाही म्हणे. लगेच मला खाली उतरवून केस झाडायच्या केरसुणीशेजारी, जमिनीवर ठेवले.

दुसऱ्या दिवशी दुपारी हातिबू एकटाच सराव करत होता. खेळातून बाहेर येताना त्या जपानी बायोसच्या पडद्यावर जपानी अक्षरांत कसलासा प्रश्न आला. त्याला वाचता येईना. काहीतरी पुसायचे विचारतोय एवढे चित्रावरून कळले, म्हणून त्याने 'नाही' म्हणायला गोलाचे बटण दाबले. माझ्याकडे फुली म्हणजे हो आणि गोल म्हणजे नाही. इतकी वर्षे त्याचा अंगठा हेच शिकला होता. जपानी कन्सोलवर नेमके उलटे असते. गावाची सगळी टीम पुसली गेली.

तो धावत रिझिकीकडे गेला. तिने पेनड्राइव्ह कालच रिकामा करून एका गिऱ्हाइकाला गाणी भरून दिली होती. ईद दोन दिवसांवर होती. आता ती माणसे जगात एकाच ठिकाणी होती, माझ्या छातीत.

रिझिकीने मला टेबलावर ठेवून बटण दाबले. दिवा हिरवा झाला आणि लगेच विझला. पुन्हा दाबले, पुन्हा विझला. मला जमत नव्हते की मी जमवून घेत नव्हतो, हे आज मलाही नीट सांगता येणार नाही. एवढे आठवते, की समोर तो माझे आच्छादन पांघरून बसला होता आणि मी मनात म्हणत होतो, आता घे सोंग.

तिने माझे स्क्रू काढले. झाकण उघडले तर आतला पंखा दिसेना. केसच केस. काळे, भुरे, कुरळे, इतक्या वर्षांचे गावाचे केस माझ्या पोटात जाऊन बसले होते. तिने चिमट्याने मूठभर गोळा बाहेर काढला. हातिबूने तो तळहातावर घेतला आणि बराच वेळ बोटाने विस्कटत राहिला. सेफूचा एकही केस त्यात नसणार, हे त्याला माहीत होते. सेफू त्या खुर्चीत कधी बसलाच नव्हता. मग तो खाली वाकला आणि मला, फक्त मला ऐकू जाईल असे म्हणाला, "बाबू, त्याचे केस तेवढे तुझ्याचकडे आहेत रे. दे ना."

मित्रांनो, मी हट्टी आहे, पण दगड नाही. रिझिकीने झाकण लावून बटण दाबल्यावर मी हिरवा झालो आणि हिरवाच राहिलो. या वेळी तिने टीम तर घेतलीच, माझा बायोसही घेतला. जपानी काढून टाकला आणि माझा घातला. आता तो संगणक जागा होतो तेव्हा पहिले जे वाचतो, ते माझे असते. गोल म्हणजे नाही, फुली म्हणजे हो. याचा आनंद मानावा की त्याने माझे शेवटचेही घेतले म्हणून जळावे, हे मी अजून ठरवलेले नाही. बहुतेक जळतोच.

ईदच्या दिवशी पुलाव जेवून सगळे दुकानात जमले. सेफू आत आला आणि त्याने टोपी काढली. त्याच्या डोक्यावर केस नव्हते. कानांवर तेवढी दोन्हीकडे थोडी झालर होती. मस्कतच्या उन्हात, कामावरच्या शिरस्त्राणाखाली गेले म्हणाला. मग त्याने पडद्यावर नऊ नंबर पाहिला, खांद्यापर्यंत केस उडवत धावणारा, आणि तो खुर्चीची पाठ धरून उभाच राहिला.

दोघे भाऊ खेळले. शेवटच्या मिनिटाला सेफू एकटाच गोलकीपरसमोर होता आणि त्याचा चेंडू बाहेर गेला. हातिबू जिंकला. सेफूने मुद्दाम घालवला का? पूर्वी मला लगेच कळले असते. रिमोटची तार माझ्यात असती तर अंगठा टेकला की नाही, ते मी सांगितले असते. आता ते त्या संगणकाला माहीत आहे, आणि तो सांगत नाही. त्याचे गवत, त्याचा मान, सगळे मी एक वेळ विसरेन. ही एक गोष्ट मला मिळायला हवी होती.

सेफू निमूट खुर्चीत बसला. हातिबूने त्याच्या गळ्याभोवती कापड बांधले, झटकले, कंगवा ओला केला. त्या दोन झालरींना त्याने अर्धा तास लावला. "हलू नकोस," तो म्हणाला, "अकरा वर्षांचं काम आहे."

सेफू परत गेल्यावर एक दिवस हातिबूने टीम उघडली आणि तेविसावी जागा भरली. नाव लिहिले, बाबू. मग केस निवडत बसला, एक प्रकार लावून बघायचा, दुसरा लावून बघायचा. रिझिकी हसली, म्हणाली, काका, त्या डब्याला कुठले केस? हातिबूने मान वर न करता उत्तर दिले, "इतकी वर्षं माझ्या दुकानातले केस खाल्लेत त्यानं. आहेत त्याला केस." त्याने मला पांढरे दिले, बारीक कापलेले, कानामागे नीट गोलाई घेतलेले. मग पंखा पुसून, झाकण घट्ट करून त्याने मला या फळीवर आणून ठेवले. आच्छादन मात्र अजून त्याच्याच अंगावर आहे.

मित्रांनो, घरात नवे जरूर आणा. पण जुन्याला कोपऱ्यात लोटण्याआधी एकदा झाकण उघडून बघा, त्याच्यापाशी तुमचे काय काय राहिले आहे.

बाकी माझे बरे चालले आहे. रोज संध्याकाळी खाली सामना रंगतो आणि मी वरून बघतो. तेवीस नंबर म्हणजे राखीव खेळाडू, त्यामुळे मी तिथेही बाकावरच बसलेला असतो, त्या संगणकाच्या पोटात, पांढरे केस नीट बसवून. कोणाचे वाईट चिंतू नये हे मला समजते. तरी बावीसजणांपैकी एखाद्याचा पाय मुरगळावा, फार नाही, थोडासाच, आणि हातिबूने मला मैदानात उतरवावे, असे रोज वाटते.