उत्तरेच्या खिडकीतली बैठक

व्यंकोजींनी डावा डोळा तळहाताने झाकून भिंतीकडे पाहिलं, मग उजवा झाकून पाहिलं. चार वेळा करून झालं, तरी भिंतीवरच्या पांढऱ्या कापडाबद्दल दोन डोळ्यांचं एकमत होईना. गेल्या पंधरवड्यात मोतीबिंदू काढलेल्या उजव्या डोळ्याला ते गार, निळसर दिसत होतं. न काढलेल्या डाव्याला तेच साजूक तुपासारखं पिवळट. पिकलेलं भिंग सगळं पिवळं दाखवतं, असं डॉक्टरीणबाईंनी आधीच सांगितलं होतं. तेव्हा व्यंकोजींनी मान डोलावली होती, म्हणजे ऐकलं नव्हतं.

दारात संयोगिता चपला काढत होती. धाकट्या भावाची मुलगी, नोकरी शहराच्या पार दुसऱ्या टोकाला, मारतहळ्ळीला. तिथून जयनगरला पोचायला तिला दीड तास लागला होता.

"बसू का काका?"

"स्वल्प थांब. उजेड उतरू दे."

उजेडमताची माणसं आता शहरात बोटांवर मोजण्याइतकी उरली होती. मत तसं साधं. वस्तू जो उजेड गिळत नाही, परत करते, तो तिचा रंग. आणि एकट्या माणसाला तो पुरता कळत नाही. म्हणून सांजेला दोघांनी उत्तरेच्या खिडकीपाशी पांढऱ्या कापडासमोर बसायचं आणि आपापल्याला दिसला तो रंग सांगायचा. रंग जुळायलाच हवेत असं नाही, न जुळले तर उलट बरं. सत्य त्या दोहोंमधल्या अंतरात राहतं, असं जुनी माणसं म्हणत. एकट्याने मात्र बसायचं नाही. जोडीदार गेला तर वर्षाच्या आत दुसरा शोधायचा, नाहीतर कापड उतरवून दुसऱ्या घरी द्यायचं. व्यंकोजींच्या बायकोला, रत्नाबाईंना, जाऊन अकरा महिने झाले होते.

व्यंकोजींना कापड उतरवायचं नव्हतं. मूलबाळ नाही. दिवसातनं तेवढी एक वेळ समोर कुणीतरी बसायचं, तीही गेली होती. हल्ली मेथी ताजी आहे का, हे ते भाजीवाल्याला मुद्दाम दोनदा विचारायचे. पंथाची रीत ठाऊक असलेली, धडधाकट आणि बोलावलं तर येणारी अशी एकच पुतणी त्यांना आठवली होती.

दोघं बसली. खिडकीतला उजेड कापडावर आला.

"काय दिसतं?"

"निळसर," संयोगिता म्हणाली. "कपड्यांना नीळ जरा जास्त झाली की होतो ना, तसा."

हे शब्द व्यंकोजींच्या ओळखीचे होते. सात-आठ वर्षांपूर्वी रत्नाबाई रोज हेच म्हणायच्या आणि ते रोज दुरुस्त करायचे. पीण्याच्या औद्योगिक वसाहतीतल्या रंगाच्या कारखान्यात त्यांनी छत्तीस वर्षं नमुने जुळवले होते. तिथे फरक म्हणजे चूक, आणि त्यांचा शब्द म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. तीच रेघ ते घरी घेऊन आले होते. 'नीळ कुठली? पिवळा आहे. छत्तीस वर्षं मी काय माशा मारल्या?' मग एका सांजेला रत्नाबाई म्हणाल्या, 'पिवळा दिसतो.' पुढे शेवटपर्यंत पिवळाच. बायकोची नजर अखेर तयार झाली म्हणून व्यंकोजी दुसऱ्या दिवशी मैसूरपाक घेऊन आले होते. रत्नाबाईंनी तो खाल्लाही होता.

"तिला निळाच दिसत होता," ते म्हणाले.

संयोगिता ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत राहिली.

"तुला ठाऊक होतं?"

"काकू फोन करायची. बैठक झाली, तुम्ही फिरायला गेलात की. तिला दिसलेला रंग सांगायची. मी ऑफिसच्या बसमध्ये असायचे, खिडकीतनं बघून माझा सांगायचे. तुझं आभाळ, माझं कापड, म्हणायची. उत्तरेचं असलं म्हणजे झालं."

"कधीपासून?"

"मी नोकरीला लागले तेव्हापासून. सहा-सात वर्षं."

"रोज?"

"दवाखान्यातनं पण."

"आणि माझं काय म्हणायची?"

"म्हणायची, तुझ्या काकांना एकमत झालं की जेवण गोड लागतं. त्यात माझं काय जातं."

व्यंकोजींना लाज वाटली, आणि लाजेपेक्षा जास्त एकटं वाटलं. इतकी वर्षं दोघं बसतो असं ते धरून चालले होते, आणि त्या जागी ते एकटेच बसत होते. ती मात्र एकटी नव्हती, याचं बरं वाटायला हवं होतं. वाटलंही, जरा उशिरा.

"आता कुणाला सांगतेस?"

"कुणाला नाही," संयोगिता म्हणाली. "माझे पण अकरा महिने झाले, काका."

हे त्यांच्या ध्यानीमनीही नव्हतं. घरी भेटायला आलेल्या प्रत्येकाने विचारपूस त्यांची केली होती. या पोरीला कुणी विचारलं नव्हतं, त्यांनीसुद्धा नाही. त्यांनी तिला बोलावलं होतं ते रिकामी जागा भरायला.

"मी येत जाईन," ती म्हणाली. "शनिवार-रविवार तरी. कापड काढू नका."

व्यंकोजी उठले. स्टुलावर चढू लागले तेव्हा ती धावत आली, पण त्यांनी तिला स्टूलच धरायला लावलं. वरच्या दोन खिळ्यांवरून कापड सोडवून ते खाली उतरले आणि तिच्या हातात दिलं.

"हे तू ने. बैठक तुमच्या दोघींची होती. जोडीदार तुलाही शोधायचा आहे. मी चालेन का, ते तू ठरव. मारतहळ्ळीला बस जाते."

संयोगिताने लगेच हो म्हटलं नाही. तिने कापडाच्या सावकाश घड्या घातल्या, पिशवीत तळाशी ठेवलं.

"विचार करून सांगते, काका."

"सरी, बरं," व्यंकोजी म्हणाले.

तिला रिक्षात बसवून ते वर आले आणि फोन हाताशी लागेल असा खिडकीत ठेवला.