तोंड रस्त्याकडे

गेले तीन महिने मला वाटतंय, लोक माझ्याकडे बघतात. बाजारात, बसस्टॉपवर, बँकेच्या रांगेत. डोकं फिरलंय म्हणे माझं. दादा तर हात धुऊन मागे लागलाय, शिलाई मशीन विक आणि घरी बस. फिरलं तर फिरलं, डोकं माझं आहे!

माझं शिवणाचं दुकान रस्त्यालाच, पुढून सताड उघडं. समोरच्या बाकावर कुणी टेकलं की माझ्या अंगावर काटा. शेवटी मी मशीन फिरवून भिंतीकडे तोंड करून ठेवलं. कसला मूर्खपणा! उजेड पाठीमागून यायला लागला आणि माझीच सावली कापडावर पडायची.

परवा शाळेतल्या बाई मी शिवलेला नवा कोट घेऊन परत आल्या. "अहो, हात वर केला की काखेत ओढतंय. फळ्यावर लिहू कशी?" बघते तर काय, डावी बाही उजवीकडे आणि उजवी डावीकडे! बाहीची पुढची बाजू जास्त खोल कापलेली असते, हे मी झोपेतही सांगेन. बावीस वर्षांत अशी चूक नाही. मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाई गेल्यावर मी रडले, आणि मग असा संताप आला म्हणून सांगू!

तिथल्या तिथे मशीन ओढत रस्त्याकडे वळवलं. बाकावर एक गृहस्थ होता, बघत होता की नव्हता देव जाणे. दोन्ही बाह्या उसवून नीट लावल्या.

शनिवारी दादा मशीनला गिऱ्हाईक घेऊनच आला. मला न विचारता!

"विकायचं नाहीये," मी त्या माणसाला सरळ सांगितलं.

"अगं, तूच म्हणतेस ना भीती वाटते?" दादा म्हणाला.

"वाटते. आत्ताही वाटतेय. मग काय कोंडून घेऊ? भीती घरीही येईल, दादा, तिला पत्ता ठाऊक आहे."

माझा आवाज चढला तसा शेजारचा चष्म्याचा दुकानदार दारात आला. येणारेजाणारे थबकले. दादाने इकडेतिकडे पाहिलं आणि दातओठ खात कुजबुजला, "हळू बोल गं, लोक बघतायत."

"बघू देत की!" मी ओरडले. "मशीन माझं आहे, मी इथेच बसणार!"

मी स्टुलावर बसले आणि सगळ्यांसमोर मशीन चालवायला घेतलं.