महारूप कधी घ्यायचं

तिचा अंगठा फोनच्या पडद्यावरच्या जांभळ्या वर्तुळावर टेकणार, तेवढ्यात नवऱ्याने तिचे मनगट धरून हात बाजूला केला. जोराने नाही. गरम भांड्याकडे जाणारा पोराचा हात धरावा, तसा.

"अगं, आत्ता नाही. एका लढाईसाठी महारूप घालवतात का?"

"वाटलं, हरतोय आपण."

"हरू दे की. एक हरलो म्हणून आभाळ कोसळत नाही."

बागेतल्या बाकाभोवती फोन घेऊन उभी असलेली मंडळी हसली. त्यांची लढाई खरेच हरली. पडद्यावरचा दांडगा प्राणी शेपटी आपटत दिसेनासा झाला आणि सगळे त्याच्याकडे, मास्तरांकडे, वळले. तो मास्तर नव्हता, त्याचे मोबाइल दुरुस्तीचे दुकान होते. पण फोनवर प्राणी पाळून ते लढवण्याचा हा खेळ त्याच्याइतका कोणालाच कळत नव्हता, आणि कळलेले समजावून सांगायची त्याला हौस होती, म्हणून बागेत त्याला सगळे मास्तरच म्हणत.

"नीट ऐका," तो म्हणाला. "पहिल्यांदा महारूप घ्यायला ऊर्जा लागते, आणि ती चालून चालून मिळवावी लागते. पण एकदा घेतलं की नंतर प्राण्याला नुसती विश्रांती द्यायची. विश्रांती पुरी झाली की पुढचं महारूप फुकट. म्हणजे घाई करणारा मूर्ख, आणि जपून ठेवणारा त्याहून मूर्ख. रूप तात्पुरतंच असतं. सकाळी घेतलं तर संध्याकाळी उतरतं. तेव्हा ज्या दिवशी आपल्या जातीच्या प्राण्यांचा मेळा असेल, त्या दिवशी सकाळीच घ्यायचं आणि दिवसभर पिळून काढायचं. शिवाय शेजारी लढणाऱ्यांनाही त्याचा जोर मिळतो, हे विसरू नका."

"वहिनी नशीबवान," कोणीतरी म्हणाले. "घरातच गुरू."

ती हसली. हसायचे असते, तिथे ती हसत असे.

तिचा प्राणी म्हणजे एक शेवाळी रंगाची गोगलगाय होती. तिने हौसेने तिचे नाव चिंगी ठेवले होते. महारूपात चिंगीच्या पाठीवरचा शंख काचेसारखा पारदर्शक होऊन घराएवढा वाढायचा. पण तो तिने मोजक्याच वेळा पाहिला होता. चिंगीला कधी मोठे करायचे, ते तो ठरवत असे. दुकानातून निरोप येई, "आता दे." मग ती देई, आणि त्याचा गरुड तिच्या शंखाच्या जोरावर जिंकत असे.

फोन त्यानेच दिलेला. तिच्या फोनचे कुलूप त्याच्याही बोटाने उघडायचे. दुकानाच्या गल्ल्याशेजारी त्याचा दुसरा फोन सतत उभा केलेला असे, आणि त्यात नकाशावर एक निळा ठिपका. तो ठिपका म्हणजे ती. यात लपवाछपवी काही नव्हती. गिऱ्हाइकांनाही तो कौतुकाने दाखवी. "काळजी वाटते हो. दिवस बरे नाहीत."

त्याने तिच्यावर कधी हात उगारला नव्हता. आवाजही चढवला नव्हता. तक्रार करायची तर नेमकी कशाची, हेच तिला सांगता आले नसते. तिची ताई तिच्यापेक्षा स्पष्ट बोलणारी. एकदा घरी आली असताना ती सरळ त्याला म्हणाली होती, "हिला श्वास घ्यायलाही तुमची परवानगी लागते का हो?" त्याने हसून चहाचा कप तिच्यापुढे सरकवला. ताई गेल्यावर मात्र तो म्हणाला, "तुझ्या ताईची जीभ फार चालते. तिच्याकडे जाणं-येणं नको आता." आणि मग तो विषय संपला, म्हणजे त्याच्यापुरता संपला.

नंतर एकदा ती बाजाराच्या रस्त्याने न वळता ताईकडे जाणाऱ्या बसमध्ये चढली होती. पुढचा थांबा यायच्या आत फोन वाजला.

"इकडे कुठे?" त्याने विचारले. आवाज नेहमीसारखाच, मऊ.

"चुकून बसले या बसमध्ये."

"असू दे. होतं असं. उतर आता."

ती उतरली. उलट दिशेच्या बसची वाट पाहत उभी राहिली, आणि तो ठिपका थांबलेला पाहून दुकानात तो पुन्हा कामाला लागला असेल, हे तिला तिथूनही दिसत होते.

बागेत खेळायला येणाऱ्यांत एक दातांच्या डॉक्टर होत्या. बोलायला फटकळ, पण लढाईत भिडस्त. मास्तरांनी सांगितल्याशिवाय बोट हलवायच्या नाहीत. त्यांचा दवाखाना बागेसमोरच होता. मागच्या हिवाळ्यात तिची दाढ दुखायला लागली, तेव्हा तो तिला तिथे घेऊन गेला होता. ती खुर्चीत आडवी झाली. डॉक्टरीणबाईंनी दिवा ओढून विचारले, "कुठे दुखतंय?"

"खाली, उजवीकडे," शेजारच्या स्टुलावरून तो म्हणाला.

"गार लागलं की दुखतं की चावताना?"

"दोन्ही वेळा," तो म्हणाला.

डॉक्टरीणबाई थोडा वेळ त्याच्याकडे पाहत राहिल्या. मग त्यांनी तोंडावरची पट्टी वर ओढली आणि कामाला लागल्या. दाढ बरी झाली.

शनिवारी गोगलगायींच्या जातीचा मेळा होता. पण दुकानात दुरुस्तीचे इतके फोन साचले होते की त्याला हलणे शक्य नव्हते. आदल्या संध्याकाळी जेवताना त्याने सगळे आखून दिले.

"तू सकाळीच बागेत जा. गेल्या गेल्या महारूप घे. एकेक दांडगा निघाला की मला आमंत्रण पाठव, मी दुकानातून येतो लढाईत. मध्ये मी फोन करणार नाही. फोन आला की खेळ बंद पडतो आणि लढाई बोंबलते. आमंत्रणं येत राहिली म्हणजे मला कळेल, तू तिथेच आहेस."

"बरं," ती म्हणाली, आणि त्याच्या ताटात पोळी वाढली. वाढताना तिचा हात क्षणभर ताटावरच थांबला. त्याने वर पाहिले.

"काय गं?"

"काही नाही. अजून देऊ?"

सकाळी बाग नेहमीपेक्षा भरलेली होती. तिने बाकाजवळ उभे राहून जांभळे वर्तुळ दाबले. चिंगी थरथरली, शंख फुगत फुगत झाडांच्या वर गेला, आणि त्याच्या काचेतून आकाशाचा एक तुकडा हिरवा दिसायला लागला. तिने पहिले आमंत्रण पाठवले. क्षणार्धात त्याचा गरुड शेजारी येऊन उभा राहिला. लढाई जिंकली. दुसरी जिंकली. त्याचा अंगठा वर केलेला छोटा निरोप आला, "शाब्बास."

मग ती डॉक्टरीणबाईंजवळ गेली.

"माझा फोन थोडा वेळ धराल?"

"धरते की. जाऊन या."

"थोडा वेळ म्हणजे…" तिने खांद्यावरच्या पिशवीचा पट्टा सावरला. "लढायांत घ्यायचं चिंगीला. आणि यांना आमंत्रण पाठवायचं, प्रत्येक वेळी."

डॉक्टरीणबाईंनी तिच्या खांद्यावरच्या पिशवीकडे पाहिले. पिशवी मोठी नव्हती, पण नीट चेन लावलेली होती. मग त्यांनी तिच्या चेहऱ्याकडे पाहिले. दवाखान्यातला दिवा ओढून पाहत, तसे.

"दुपारी मला दवाखाना नसतो," त्या म्हणाल्या. "संध्याकाळी उघडते. तोवर माझे दोन्ही अंगठे मोकळेच आहेत."

"ते तुम्हाला बोलतील."

"मला पेशंट रोज बोलतात. तोंडात कापूस असला तरी बोलतात." त्यांनी फोन हातात घेतला. "निघा तुम्ही. पुढचा दांडगा येतोय."

बसमध्ये ती खिडकीपाशी बसली. पहिला थांबा आला तसा तिचा हात आपोआप पिशवीत गेला आणि रिकामाच बाहेर आला. फोन वाजत नव्हता, तरी तिला तो वाजल्यासारखा वाटला. दुसऱ्या थांब्यावर ती उठून दारापर्यंत गेली. दार उघडले, माणसे उतरली. ती दांडी धरून उभी होती. मागच्या बाईने विचारले, "उतरताय ना?" ती बाजूला झाली. दार लागले. नदीवरचा पूल ओलांडताना तिला एवढेच कळत होते, की या क्षणी नकाशावर ती बागेतल्या बाकाजवळ उभी आहे आणि चांगली लढते आहे. याने तिला सुटल्यासारखे वाटायला हवे होते. पण पूल संपेपर्यंत तिची पाठ ताठच होती, कोणी मागून हाक मारील म्हणून.

ताई जुन्या खुर्च्यांना नवे कापड चढवण्याचे काम करायची. तिच्या कारखान्याचे दार सताड उघडे होते. दार म्हणजे एक शटर, आत उलट्या ठेवलेल्या खुर्च्या, स्प्रिंगा, काथ्याचे ढीग. ताई गुडघ्यावर बसून एका आरामखुर्चीच्या पाठीला कापड ठोकत होती. ओठांत चुका, म्हणजे बारीक खिळे, धरलेल्या. सावली पडली म्हणून तिने मान वर केली.

एरवी शब्दांना कधी कमी न पडणाऱ्या त्या बाईला काही बोलताच येईना, कारण तोंडभर चुका. तिने हातोडी खाली ठेवली, तळहात ओठांपाशी नेला आणि एकेक चूक बाहेर काढली.

"ये," शेवटी ती म्हणाली. "चप्पल आतच काढ. बाहेर कुत्री नेतात."

मग तिने पाणी दिले. डब्यातले अर्धे जेवण दिले. ती जेवत असताना ताई समोर बसून काथ्या पिंजत राहिली आणि शेजारच्या सुताराच्या बायकोचे, घरमालकाच्या मोतीबिंदूचे, असे कशाकशाचे सांगत राहिली. कशी आलीस, हे तिने विचारले नाही. किती वेळ आहेस, हेही नाही. जेवण झाल्यावर एवढेच म्हणाली, "रिकामी बसू नकोस. हा कोपरा धर. ताणून. अजून. कापड सैल राहिलं तर वर्षात झोळ येतो."

तिने कोपरा धरला. ताई ठोकत गेली. एक खुर्ची झाली, मग दुसरी घेतली. बोटे दुखायला लागली, तसे तिला हळूहळू पाठीतले ताठपण उतरल्यासारखे वाटले. नेमके कधी, ते तिला सांगता आले नसते. शटरमधून आत पडलेले ऊन खुर्च्यांवरून सरकत भिंतीवर गेले आणि पिवळे झाले. बागेत आता चिंगी लहान होत असेल, हे तिच्या मनात आले.

ताईचा फोन स्प्रिंगांच्या खोक्यावर वाजला. ताईने नाव पाहिले, तिच्याकडे पाहिले, आणि फोन कानाला लावला.

"बोला." ती ऐकत राहिली. तिकडून येणारा आवाज शांत होता. शब्द कळत नव्हते, फक्त त्याचा मऊपणा कळत होता. ताईने फोन छातीशी धरला.

"म्हणतायत, तुझा फोन दातांच्या दवाखान्यात सापडला. डॉक्टरीण काही सांगत नाही म्हणे." ताई थांबली. "विचारतायत, कुठे आहे ती?"

तिने कापडाचा कोपरा घट्ट धरलेला होता. इतक्या वर्षांत हा प्रश्न त्याला कधी विचारावाच लागला नव्हता.

ताई वाट पाहत होती. छातीशी धरलेल्या फोनमधून "हॅलो? हॅलो?" ऐकू येत होते.

"हातातलं काम होऊ दे," ती म्हणाली. "मग मी बोलेन. मीच बोलेन त्यांच्याशी."

ताईने फोन खोक्यावर पालथा ठेवला आणि हातोडी उचलली.